नवं खोगीर, कोवळी पाठ

या महिन्याच्या टपालात घोड्यांविषयीची बरीच पत्रं आहेत आणि त्यातली तीन एकाच गोष्टीभोवती फिरतात: घोड्याच्या अंगावर काहीतरी नवं चढवायचं आहे आणि घोडं तयार नाही. पहिल्या पत्राला मी जास्त जागा देतोय, कारण तिथे एका जनावराचं पुढचं सगळं आयुष्य येत्या दोन महिन्यांत ठरणार आहे.

प्रश्न : मागच्या दत्तजयंतीला आम्ही सारंगखेड्याच्या बाजारातून मारवाडी जातीची घोडी घेतली, तेव्हा ती साडेतीन वर्षांची होती. स्वभावानं गरीब आहे. खरारा करून घेते, मोरकीवर (तोंडाभोवतीच्या दोरीच्या पट्ट्यावर) मागे-मागे चालते. महिन्यापूर्वी कानपूरहून नवं चामड्याचं खोगीर मागवलं. पाठीवर ठेवलं तेव्हा नुसती थरथरली, पण तंग (खोगिराचा पोटाखालचा पट्टा) आवळताच पोट फुगवून उभी राहिली, मग उधळली. खोगीर घसरून पोटाखाली आलं आणि ती कुंपणापर्यंत लाथा झाडत गेली. आता खोगीर नुसतं दिसलं तरी दाव्याला हिसडे देते, पोटाजवळ हात नेला की चावायला येते. गावातले एक जाणते म्हणतात, कान पिळून धरा, खोगीर करकचून बांधा, वर वाळूचं पोतं टाका आणि दोन तास उधळू द्या, आपोआप शहाणी होईल. माझी ११ वर्षांची मुलगी बसायला उतावीळ झाली आहे. काय करावं? — एक भगिनी, संगमनेर

उत्तर : ताई, तुमच्या पत्रातली शेवटची गोष्ट आधी घेतो. वाळूचं पोतं बांधू नका आणि कान कुणाला पिळू देऊ नका. पोतं घेऊन दोन तास उधळलेलं घोडं दमून उभं राहतंच. लोक त्याला शिकलं म्हणतात. पण पाठीवरची वस्तू आपला पिच्छा सोडत नाही, एवढंच त्या घोड्याला कळलेलं असतं. पुढे कधी वादी सैल झाली, रुमाल उडाला, पोर जरा तिरकं बसलं की ते सगळं उफाळून वर येतं, आणि तेव्हा पाठीवर वाळू नसेल, तुमची मुलगी असेल. कान पिळलेल्या घोडीला तर पुढे मोरकी घालणंही अवघड होऊन बसतं.

आता खरी गोष्ट. घोडी घाबरली आहे की तिला दुखतंय, हे आधी शोधा. दुखणाऱ्या घोडीला सवय लावायला जाणं म्हणजे खडा असलेल्या चपलेत चालायला शिकवणं.

ज्या दिवशी ती शांत असेल त्या दिवशी तिला सपाट जमिनीवर चारी पाय सारखे ठेवून उभं करा. खोगीर आवडत्या चाऱ्याशेजारी कुंपणावर टाका आणि ती जवळ जाऊन हुंगेपर्यंत हातही लावू नका. ती खोगीर पाठीवर ठेवू देईल तेव्हा, मग त्याला आठ दिवस लागोत, खाली काही न घालता आणि तंग न बांधता ते अलगद ठेवून बघा. मानेच्या बुडाशी जो उंचवटा असतो त्याच्या जरा पुढे टेकवून मागे सरकवा, म्हणजे केस मोडत नाहीत. उंचवटा आणि खोगिराची कमान यांच्यामध्ये तुमची दोन-तीन बोटं सहज गेली पाहिजेत. एका बाजूला उभं राहून पाठीमागून तिरकं वाकून पाहा (थेट मागे उभं राहायचं नाही, तिथलं तिला दिसत नाही), कण्यावरच्या पोकळीतून पलीकडचा उजेड दिसला पाहिजे. मग गादीखाली तळहात घालून पुढून मागे फिरवा. हात एके ठिकाणी चेपतो आणि पुढे मोकळा सुटतो का? तसं होत असेल तर खोगीर दोन टोकांवर टेकलंय, मधे अधांतरी आहे. घोड्याला बरगड्यांच्या १८ जोड्या असतात. शेवटची बरगडी बोटानं चाचपून खडूनं खूण करा. खोगिराची गादी त्या खुणेच्या मागे जाता कामा नये, कारण तिथे कण्याला खालून बरगडीचा आधार नसतो. पुढच्या बाजूला फऱ्याचं म्हणजे खांद्याचं हाड पाय टाकताना मागे सरकतं, त्यालाही जागा हवी.

तयार खोगिरं एका सर्वसाधारण मापावर बेतलेली असतात. मारवाडी रक्ताच्या घोड्या बहुधा सडपातळ, पाठीचा उंचवटा ठळक. रुंद कमानीचं खोगीर अशा घोडीवर पुढून खाली बसतं आणि नेमका तो उंचवटा चेपतं. माझा अंदाज आहे की तुमच्याकडे हेच झालंय, पण पाहिल्याशिवाय तसं म्हणणार नाही. बोटं जात नसतील तर खाली जाड नमदा (लोकरीची घडी) कोंबून वेळ मारून नेऊ नका, खोगीर बदला. तुमच्या घरात सासऱ्यांच्या वेळचं जुनं खोगीर असेल आणि तेच वापरावं असा विचार येत असेल, तर त्याची गादी तळव्यानं दाबून बघा. पूर्वी खोगिरात चिंध्या-लोकर भरत (खोगीरभरती हा शब्द तिथूनच भाषेत आला), आणि वर्षानुवर्षांनी त्या भरतीच्या गाठी होतात. सुपारीएवढी गाठ माणसाच्या वजनाखाली आली की पाठीला खड्डा पाडते.

दुसरी तपासणी पोटाची. तंगाजवळ हात नेला की चावते, हे तुम्ही लिहिलंत. ही भीती असू शकते, पण जठरातल्या जखमेचंही हे लक्षण आहे. घोड्याच्या जठरात आम्ल दिवसरात्र पाझरत असतं. चारा खाल्ला की नाही, त्याला त्याची पर्वा नाही. निसर्गात घोडं दिवसातले बहुतेक तास चरतं म्हणून भागतं. आपण सकाळ-संध्याकाळ तोबऱ्यातून (तोंडाला बांधायच्या पिशवीतून) चंदी म्हणजे दाणा देतो आणि मधले सहा-सात तास रिकाम्या पोटी बांधून ठेवतो. चंदी कमी करा, वाळलं गवत वाढवा आणि खोगीर घालण्याआधी पेंढीभर गवत खाऊ घाला. पशुवैद्यांना एकदा बोलवा. ते आलेच तर दातही दाखवून घ्या, ते का ते पुढे सांगतो.

हे सगळं ठीक निघालं, असं धरून पुढे जाऊ.

मी लष्करात घोड्यांवर ३० वर्षं काढली. नोकरीत नवा असताना पाच वर्षांचा एक कुमाईत (तांबूस अंगाचा, काळ्या आयाळीचा) घोडा माझ्याकडे आला. सकाळी परेडची घाई होती, तंग दोन भोकं सैल राहिला आणि मी तसाच निघालो. वळणावर खोगीर फिरलं, मी खाली, खोगीर पोटाखाली. रिकिबी (पाय ठेवायच्या लोखंडी कड्या) त्याच्या गुडघ्यांवर आपटत होत्या आणि तो जितका पळे तितक्या त्या जोरात आपटत. मैदानाला तीन फेऱ्या मारल्यावर बक्कल तुटलं तेव्हा तो थांबला. पुढे कितीतरी महिने रिकिबीचा खणखणाट ऐकला की त्याच्या मानेला घाम फुटायचा. चूक माझी होती आणि शिक्षा तो भोगत होता, हे मला आजही सलतं. शेवटी मी एकच केलं. रोज संध्याकाळी त्याला तोबरा लावला की दहा पावलांवर एक रिकीब मांडीवर घेऊन बसायचो आणि बोटानं टिचकी मारायचो. कान वळले की थांबायचो. परत खायला लागला की परत टिचकी. दर दोन-तीन दिवसांनी एक पाऊल जवळ. एके दिवशी मी त्याच्या खांद्याशी उभा राहून दोन रिकिबी एकमेकींवर आपटल्या आणि तो हरभरे चावत राहिला. तुमच्या घोडीचं खोगीर पोटाखाली आलंय म्हणून हे सांगितलं. तिला खोगिराचं भय नाही. आपटत, ओढत, मागे लागणाऱ्या वस्तूचं भय आहे. ते याच वाटेनं जाईल.

तिला मोकळ्या, कुंपण असलेल्या जागेत घ्या. खांबाला बांधू नका, दोर हातात ठेवा. बांधलेलं घोडं बुजलं की मागे ओढतं, आणि दोर तुटला नाही तर मान दुखावते. आधी जुना पंचा घडी करून खांद्यावर घासा, मग पाठीवर, मग कमरेपर्यंत. कातडीकडे नीट बघा. माशी बसली की जशी लाट जाते तशी लाट पंच्याखालून जाईल. हात काढू नका, दाबूही नका, तिथेच थांबा. लाट शमली, कान सैल पडला, तिनं ओठ चाटले किंवा लांब श्वास सोडला की त्याच क्षणी पंचा उचला. सगळी विद्या या उचलण्यात आहे. ती हिसडा देत असताना पंचा काढलात तर हिसडा दिला की सुटका होते, हे ती शिकेल आणि फार पक्कं शिकेल. म्हणून सुरुवातच इतकी थोडी करा की तिला हिसडा द्यावासा वाटू नये.

हे दोन्ही बाजूंनी करायचं. आपण सगळं डावीकडून करतो. तलवार डाव्या कमरेला लटकायची म्हणून डावीकडून चढण्याची रीत पडली, असं आम्हाला शिकवत. पण घोड्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना, आणि डाव्या डोळ्यानं ओळखीची झालेली वस्तू उजव्या डोळ्यासमोर अचानक आली की ते नव्यानं बिचकतं. उजवी बाजू विसरलेली कितीतरी शहाणी घोडी मी उधळताना पाहिली आहेत.

पंच्यानंतर गोणपाट. गोणपाट खसखसतं, म्हणून ते हवंच. मग घोंगडी, तीही मुद्दाम एका बाजूनं घसरून जमिनीवर पडू द्यायची, म्हणजे घसरणं म्हणजे संकट नाही हे तिला कळतं. दिवसाला पंधरा-वीस मिनिटं पुरे. ती छान वागतेय म्हणून अजून थोडं, अजून थोडं, हा मोह आवरा. चांगलं झालं की तिथेच सोडा आणि चरायला जाऊ द्या.

तंगाची पाळी आली की आधी खोगीर नाहीच. दहा-बारा हात लांब मऊ सुती दोर घ्या, तंग बसतो त्या जागी, म्हणजे पुढच्या पायाच्या कोपरामागे चार बोटं सोडून, पोटाभोवती एक वेढा द्या. दोन्ही टोकं हातात, गाठ नाही. हळू ओढा, अंगाला लागला एवढाच. ती थांबली की सोडा. परत. तिच्या बाबतीत याला आठवडा लागेल असं समजा, कारण तिची वाईट आठवण नेमकी इथेच आहे. दोर झाला की रुंद पट्टा. पट्टा बांधून ती निवांत चालली, दुडकी धावली, वळली, की मग त्यावरून खोगिराचा विचार.

खोगीर पहिल्यांदा चढवाल तेव्हा रिकिबी काढून ठेवा. ते वरून आदळू नका, अलगद सोडा. तंग उजवीकडे आधीच अडकवलेला असावा आणि डावीकडे एक-एक भोक करत आवळा. प्रत्येक भोकानंतर तिला चार पावलं चालवा. पोट फुगवलेलं चालल्यावर सैल होतं, तेव्हा पुढचं भोक. एक धोका मात्र ध्यानात ठेवा: दया म्हणून तंग अर्धवट सैल ठेवून तिला मोकळं सोडू नका. मागचा अपघात त्यानंच झाला होता. खोगीर हलणार नाही इतका तंग बसल्याशिवाय दोर हातातून सोडायचा नाही. सडपातळ घोडीला पेशबंद (खोगीर मागे सरकू नये म्हणून छातीवरून जाणारा पट्टा) लावलेला बरा. तंग बसल्यावर पुढचे दोन्ही पाय एकेक करून पुढे ओढा, म्हणजे तंगाखाली चिमटलेली कातडी मोकळी होते. आमच्याकडे हे विसरणाऱ्या रिक्रूटाला खरारा दुप्पट करावा लागे.

मग दोरावर गोल फिरवणं, मग रिकिबी लावून पण वर बांधून, मग लोंबत्या सोडून. त्या पोटावर आपटतील, तिला त्या कुमाईताची आठवण नसली तरी स्वतःची आहे. ती थांबून तुमच्याकडे बघेल तेव्हा शांत उभं राहा आणि बोला. कोणते शब्द याला महत्त्व नाही, आवाज रोजचाच असावा.

लगामाची घाई अजिबात नको. घोडी आता चौथ्या वर्षात आहे. या वयात दुधाच्या दाढा पडून पक्क्या येत असतात आणि हिरड्या दुखऱ्या असतात. काही घोड्यांना पहिल्या दाढेच्या पुढे एक छोटा, निरुपयोगी दात असतो, लगामाची कडी त्यावर आपटली की कळ जाते. दाढांच्या कडा धारदार झाल्या असतील तर त्या कानशीनं घासाव्या लागतात. म्हणून वर दात दाखवा म्हटलं. तोवर सगळं काम मोरकीवर होतं. नंतर साधी, गुळगुळीत, मधे एक सांधा असलेली कडी घ्या, थंडीत ती तळहातात धरून गरम करा आणि गुळाचं बोट लावून तोंडात द्या. जीभ हलवत चघळू लागली की ठीक.

आता लेकीचं. पहिला स्वार ती नको, हे मी ठामपणे सांगतो. पहिले दीड-दोन महिने हलक्या अंगाचा, शांत हाताचा, सराईत स्वार हवा. आधी नुसता पोटावर आडवा टेकणारा आणि लगेच उतरणारा. घोड्यानं स्वार आणि खोगीर मिळून स्वतःच्या वजनाच्या साधारण पाचव्या हिश्श्यापर्यंतच भार वाहावा, असा हिशेब आम्ही धरायचो. कोवळ्या घोडीला त्याहून कमी. कण्याची हाडं पुरती पक्की व्हायला पाच-साडेपाच वर्षं लागतात. लेकीला मात्र दूर ठेवू नका. पंचा तिच्या हातात द्या, खरारा तिला करू द्या, चंदी तिनंच द्यावी, हेल्मेट घालून. पाठीवर बसेल त्या दिवशी घोडी तिला वासानं ओळखत असली पाहिजे.

प्रश्न : आमच्या गावच्या दिंडीत घोडा असतो, नऊ वर्षांचा, अगदी गरीब. यंदा त्याला नवी घुंगरांची झूल केली आहे आणि स्वाराच्या हातात भगवी पताका द्यायची आहे. झूल चालते, पण पताका फडफडली की घोडा बाजूला उडी मारतो. हातात २० दिवस आहेत. — एक वारकरी, माळशिरस तालुका

उत्तर : माउली, मी फलटण तालुक्यातला. चांदोबाच्या लिंबाचं उभं रिंगण लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून पाहिलंय. अंकलीच्या शितोळे सरकारांचे दोन अश्व येतात, एकावर पताकाधारी स्वार आणि दुसऱ्याची पाठ रिकामी, ती माउलींची. टाळ-मृदंगांच्या त्या गजरात दोन्ही कसे नीट धावतात, याचं तेव्हा नुसतं नवल वाटायचं. पुढे घोड्यांत राहिल्यावर कळलं की त्यामागे माणसांची किती दिवसांची मेहनत असते.

२० दिवस पुरतील, पण आजच सुरू करा. पताका घोड्याच्या डोक्यावर, मागून फडफडते. ती त्याला धड दिसत नाही, फक्त ऐकू येते, म्हणून तो उडतो. तर पताका आधी त्याच्या पुढे न्या. एक जण काठीला गुंडाळलेली पताका घेऊन पंधरा पावलं पुढे चालेल आणि घोडा मोरकीवर तिच्या मागे. जी वस्तू आपल्यापासून दूर जाते तिच्या मागे जायला घोडं घाबरत नाही, उलट थोड्या वेळानं कुतूहलानं जवळ जातं. रोज पताका वीतभर उलगडा आणि अंतर कमी करा. नाक लावून त्यानं कापड हुंगलं की निम्मं काम झालं. मग काठी त्याच्या शेजारून, दोन्ही बाजूंनी, मग जमिनीवर उभा माणूस त्याच्या पाठीवरून हलवेल. शेवटचे पाच दिवस स्वाराच्या हातात द्या, तेही आधी वारा पडलेल्या पहाटे.

घुंगरं तो सहन करतोय, ते छान. पण झूल घालून रिकाम्या रस्त्यावर चालणं वेगळं आणि टाळांमध्ये वेगळं. गावातल्या भजनी मंडळाला सांगा, सरावाला तबेल्याजवळ बसा, दूरवर सुरू करा. आणि झुलीचं अस्तर सुती घ्या. जरीच्या कापडाचा टाका उलट बाजूनं बोचतो आणि उन्हात घामानं कातडी सोलवटते.

प्रश्न : माथेरानला दस्तुरीवरून प्रवासी नेतो. नवीन खोगीर घातल्यापासून घोड्याची पाठ लागली आहे, उंचवट्याच्या डाव्या बाजूला रुपयाएवढी जागा सोलली आहे. जाड फोम घालून, मधे भोक पाडून काम चालू ठेवलं तर चालेल का? सुट्टीचा हंगाम आहे. — एक घोडेवाले बंधू

उत्तर : दादा, तुमची अडचण समजतो, एका घोड्यावर घर चालतं. तरी चालणार नाही. भोकाच्या कडांवर तोच भार दुप्पट येतो आणि रुपयाचा तळहात होतो. घोड्याला खोगिराशिवाय मोरकीवर रोज फिरवा, म्हणजे पाय धरणार नाहीत. एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात दीड-दोन चहाचे चमचे मीठ घालून जखम दोनदा धुवा. हळद-तेलाचा लेप लावून माती चिकटवू नका. धनुर्वाताची लस दिली नसेल तर आजच द्यायला सांगा, घोड्याला तो फार लवकर होतो आणि जीव घेतो. जखम भरून त्यावर केस येईपर्यंत खोगीर नको. तिथे पुढे पांढरे केस आले तर ती खूण कायमची राहते.

एकाच बाजूला लागलंय म्हणजे खोगीर वाकडं आहे, किंवा चढणारे सगळे डावीकडून लटकून चढतात आणि ते दर वेळी डावीकडे ओढलं जातं. प्रवाशांना ओट्यावरून चढवा. काम संपवून खोगीर काढल्यावर घामाचा ठसा पाहायची सवय लावा. सगळी पाठ ओली आणि मधेच एक कोरडा डाग असेल तर तिथे दाब पडतोय, जखम व्हायच्या चार दिवस आधी पाठ हे सांगत असते. आणि तुमच्याकडची तांबडी माती काचकागदासारखी घासते. नमदा रोज झटका, खोगिराखालची पाठ हातानं पुसा, ब्रशनं नाही, कारण खडा हाताला लागतो.